बेसमेंटमधली पेरणी

वास मातीचा होता. ओल्या, नुकतंच पाणी शिंपडलेल्या मातीचा. आणि बेसमेंटमध्ये ओल्या मातीचा वास आला की समजावं, घराला पाणी लागलं. एडमंटनमध्ये घर घेतलेल्या माणसाला हे कुणी शिकवावं लागत नाही. गुणवंत जिन्यात अर्ध्यावरच थांबला. झालं! म्हणजे आता ड्रायवॉलच्या भिंती फोडा, मोठाले पंखे आणून आठवडाभर घरात घरघर चालू ठेवा, आणि उद्या तर धम्मचक्र प्रवर्तन दिनाचा कार्यक्रम. जन्मभर सरकारी पुलांना भेगा पडल्या का ते तपासत हिंडायचं आणि शेवटी भेग पडायची ती स्वतःच्या घराला, याच्यासारखी फजिती नाही. तो तणतणत खाली उतरला. भिंतींवरून हात फिरवला, गुडघे टेकून कोपरे चाचपले. सगळं कोरडं ठणठणीत. मग नाक वर करून वासाच्या मागे गेला, तर वास स्टोअररूममधून येत होता. तिथे स्नेही जयदीपचे बर्फात चढवायचे विंटर टायर उन्हाळाभर पडून होते. जयदीपच्या कॉन्डो फ्लॅटमध्ये ठेवायला जागा नव्हती आणि आज दुपारी तो ते न्यायला येणार होता. गुणवंतने दार ढकललं. टायरांच्या मागे, त्याची बायको स्वाती लोणच्याच्या बरण्या ठेवायची त्या फळीवर, ॲल्युमिनियमच्या ट्रेमध्ये माती होती आणि मातीत बोटभर उंचीचे गहू उगवले होते. वर छोटा दिवा लावलेला. शेजारी गव्हाच्या ओंब्यांची जुडी, वाटीत सोललेल्या डाळिंबाचे दाणे, कपात कसलंतरी पुदिन्याचं पाणी, बॅटरीवर लुकलुकणारी मेणबत्ती. आणि मागे भिंतीला टेकवलेली दोन बायकांची चित्रं. एकीच्या केसांत ओंब्या माळलेल्या, दुसरी तरुण, हातात मशाल घेतलेली. गुणवंत बघतच राहिला. पाणी परवडलं असतं. वाळवी निघावी तसे घरात देव निघाले होते.

त्याच्या बापाने घरातले देव बुडवले होते. नागपूरला बौद्ध धम्माची दीक्षा घेऊन गावी परतल्यावर वस्तीतल्या तरुण पोरांनी ठरवलं की आता घराघरांतले देव बाहेर काढायचे, आणि गुणवंतच्या बापाने आपल्या घरातले टाक, शेंदूर फासलेला गोटा, खंडोबाची पितळी मूर्ती असं सगळं पिठाच्या पिशवीत भरून नदीवर नेलं. पिशवी सोडली तर ती बुडेना. आत हवा अडकलेली. सगळी वस्ती काठावर श्वास रोखून उभी, म्हाताऱ्या बायका तोंडाला पदर लावून, आणि पिशवी आपली पाण्यावर डुलतेय! मग बापाने बांबू घेतला आणि ढोसून ढोसून ती खाली घातली. ही गोष्ट तो दर ऑक्टोबरला सांगायचा. सांगताना हसायचा, आणि शेवटी म्हणायचा, 'तेवढा वेळ भ्यालो होतो बरं मी.' लहानपणी गुणवंतला हे शेवटचं वाक्य आवडत नसे. बापाने भिऊ नये असं त्याला वाटे. स्वतः त्याने कधीच कुठल्या देवाला हात जोडले नाहीत, परीक्षेच्या दिवशी नाहीत, विमान वादळात सापडलं तेव्हा नाहीत, आणि स्वातीच्या पोटातली गाठ डॉक्टरांनी पडद्यावर दाखवली तेव्हाही नाहीत. त्या दिवशी हॉस्पिटलच्या वॉशरूममध्ये जाऊन त्याने नळ सोडला आणि नुसता आरशात बघत राहिला. हात जोडायला कुणी असतं तर बरं झालं असतं, असा विचार आला होता. तो त्याने तिथेच नळाखाली धुतला. आणि एवढं सगळं करून, घरात देव यावेत ते तरी कुठले? घरचं झालं थोडं अन् व्याह्यानं धाडलं घोडं! आपले तेहतीस कोटी बुडवले, तर पोरीने ग्रीसहून मागवले.

"बाबा, डोन्ट टच इट."

धम्मप्रिया मागे उभी होती. स्वातीचा जुना राखाडी स्वेटर, पायांत लोकरी मोजे, केस वर बांधलेले. आई आजारी पडली तेव्हा ती हॅलिफॅक्सहून एमएस्सी अर्धवट टाकून आली, आणि आई गेल्यावर परत गेलीच नाही. वरची स्वतःची खोली सोडून तिने बेसमेंटमध्ये बस्तान मांडलं. लॅपटॉपवर कसलीशी नोकरी करायची, जेवायला वर यायची, ताट धुवून खाली जायची. तिच्या पावलांचा आवाज वर यायचा, दार लागल्याचा यायचा, कधी कधी कुणाशी तरी स्क्रीनवर बोलल्याचा यायचा, आणि गुणवंत वर सोफ्यावर बसून ते सगळं ऐकत असायचा. एका घरात राहून पोरीचा नुसता आवाज ऐकायचा, बघायला मिळायचं नाही. याचा त्याला असा काही वीट आला होता की कधी कधी तो मुद्दाम वरून भांडं आदळायचा.

"काय आहे हे?" तो म्हणाला. "काय करून राहिली तू इथं?" रागावला की त्याच्या तोंडात नागपूर यायचं.

"इट्स माय प्रॅक्टिस. तुला सांगितलं होतं मी. यू वर वॉचिंग द न्यूज."

सांगितलं होतं खरं. उन्हाळ्यात कधीतरी, बातम्या चालू असताना. हॅलिफॅक्समधल्या मैत्रिणी, एक ब्रॉसार्ड गावची, असा त्यांचा काहीतरी गट होता आणि त्या सगळ्या या जुन्या ग्रीक देवांचे सण पाळायच्या, पुस्तकं वाचून, चर्चा करून. डिमिटर म्हणजे पिकांची आई. तिची मुलगी पर्सेफनी. तिला जमिनीखालच्या राजाने पळवून नेलं, तेव्हा आईने रागाने पिकंच बंद केली. जग उपाशी मरायला लागलं. शेवटी मुलगी परत मिळाली, पण खाली असताना तिने डाळिंबाचे दाणे खाल्ले होते, आणि तिथलं अन्न जो खातो तो तिथला होतो, म्हणून वर्षातला काही काळ तिला खालीच राहावं लागतं, राणी होऊन. 'म्हणजे विंटर,' गुणवंत तेव्हा म्हणाला होता. 'मग आपल्याकडे रब्बी थंडीतच उभी असते, त्याचं काय?' धम्मप्रिया हसली होती. कितीतरी महिन्यांनी हसली म्हणून त्याने पुढे काही विचारलं नाही. त्याला वाटलं, ऐकण्या-वाचण्यापुरतं असेल. पेरणीपर्यंत मजल गेली असेल असं कुणाला वाटतं?

"गोष्ट म्हणून ठीक आहे," तो म्हणाला. "पण हे? ही पूजा आहे, प्रिया. पूजा."

"ओके. इट इज."

"मागतेस काय त्यांच्याकडे? नोकरी?"

तिने कलंडलेली मेणबत्ती सरळ केली. मग त्या मशालवालीकडे बोट दाखवून म्हणाली, "शी इज द क्वीन डाउन देअर. मी तिला सांगते की आईकडे बघ. दॅट्स ऑल. गोष्टीत मुलगी खाली जाते. आपल्याकडे आई गेली."

काही खाली नसतं, माणूस मेला की संपलं, पंचमहाभूतंसुद्धा म्हणायचं नाही, कार्बन आणि पाणी म्हणायचं, हे त्याने तिला लहानपणी किती वेळा समजावलं होतं. आज ते तोंडातून निघेना. निघालं ते भलतंच. "ते राहू दे. उद्या साडेनऊला निघायचं. आईची निळी साडी नेसशील का? आणि वाचून बघितलंस का एकदा?"

उद्या हॉलमध्ये सगळे जमणार होते, जय भीम म्हणत, डबे घेऊन, पोरंबाळं घेऊन. दरवर्षी गुणवंत मराठीतून बावीस प्रतिज्ञा सांगायचा आणि लोक मागून म्हणायचे; आणि इथे वाढलेल्या पोरांना मराठी कळत नाही म्हणून स्वाती एकेक प्रतिज्ञा इंग्रजीतून म्हणायची. आधी त्याचा आवाज, मग तिचा. इतकी वर्षं. ती गेल्यावर मागच्या ऑक्टोबरला समितीतल्या उल्हासने ते काम केलं. त्याने बिचाऱ्याने खूप मन लावून वाचलं, पण प्रत्येक वाक्यानंतर गुणवंत जी उसंत घ्यायचा त्या उसंतीत भलताच खर्जातला आवाज यायचा आणि गुणवंतच्या पायाखालची जमीन सरकायची. धम्मप्रियाचा आवाज थेट स्वातीचा होता. फोनवर तर लोक फसायचे. गुणवंतने कुणाला सांगितलं नव्हतं, स्वतःशीही धड कबूल केलं नव्हतं, पण त्याला प्रतिज्ञांपेक्षा, कार्यक्रमापेक्षा, कशाहीपेक्षा एकच गोष्ट हवी होती: उद्या आपण एक वाक्य म्हणावं आणि शेजारून तो आवाज यावा. बस्स. एवढ्यासाठी तो गेला महिनाभर पोरीची मनधरणी करत होता, आणि ती 'बघू' म्हणाली होती.

"मी नाही वाचणार, बाबा."

"अगं!"

"आय रेड इट. नीट वाचलं. त्यात आहे ना, श्राद्ध करणार नाही, मेलेल्या माणसासाठी पिंड ठेवणार नाही. आय ॲम डूइंग एग्झॅक्टली दॅट. हे तेच आहे. मग तिथे उभं राहून नाही करणार असं कसं म्हणू?"

डोक्यात तिडीक गेली. आईबापाला फसवून पोरं काय काय करतात, आणि ही? हिला सत्यवचनाचा उमाळा आलाय! "दोन मिनिटांचं काम आहे," तो म्हणाला. "वाच अन् खाली बस. कोण येतंय तुझ्या स्टोअररूममध्ये बघायला?" मग त्याने जे केलं ते आठवून त्याला पुढे कितीदा तरी शरमेने घाम फुटणार होता. तो बोटं मोजायला लागला. "आणि हे बघ, त्यात नावं कुणाची आहेत? ब्रह्मा, विष्णू, महेश. राम, कृष्ण. गौरी-गणपती. ही तुझी डिमिटर आहे का त्यात? नाही ना? मग? त्यांना मानणार नाही असं कुठे म्हटलंय? तुला वाचायला काय हरकत आहे?"

धम्मप्रियाचं तोंड उघडंच राहिलं. "आर यू सिरियस? बाबा, तूच सांगायचास की ते फक्त नावांबद्दल नाहीये."

सांगायचा. तोच सांगायचा. गुणवंतने हात खाली घेतले. बापाने ज्यासाठी बांबू घेतला त्याच्यातली पळवाट हा शोधत होता, तीही पोरीला खोटं बोलायला लावण्यासाठी. त्याला स्वतःची इतकी चीड आली की ती पोरीवरच काढावीशी वाटली, आणि तो तोंड उघडणार एवढ्यात वर बेल वाजली.

जयदीप म्हणजे पुण्याचा सॉफ्टवेअरवाला, दोन गल्ल्या पलीकडे राहणारा, मनाने अगदी साधा. स्वातीच्या आजारात याच्या घरून किती महिने डबा येत होता. तो दारातच मोठ्यांदा म्हणाला, "गुणवंतराव, सोनं घ्या, सोन्यासारखे राहा!" आणि मंडळातल्या पोरांनी सोनेरी कागदाची कापलेली आपट्याची पानं त्याच्या हातावर ठेवली. आज दसरा. गुणवंतसाठी तो अशोक विजयादशमीचा दिवस; हॉल उद्याचा मिळाला म्हणून कार्यक्रम तेवढा उद्या. पण मंगलमय दिवशी दारात आलेल्या माणसाशी काय हुज्जत घालायची, म्हणून त्याने पानं खिशात टाकली. स्वाती असती तर तिने जयदीपला आत बसवून चकली दिली असती. त्याच्या घरच्या सत्यनारायणाचा शिरासुद्धा ती खायची. गुणवंत डोळे वटारायचा तर म्हणायची, 'रवा, तूप, साखर आहे हो. खाल्ल्याने काही होत नाही, न खाल्ल्याने माणूस दुखावतं.' "टायर खाली आहेत ना? मी आणतो, तुम्ही नका वाकू," असं म्हणून जयदीप धाडधाड जिना उतरला. गुणवंतला एकदम लक्षात आलं आणि तो मागून धावला, पण गुडघ्यांनी साथ दिली नाही. खाली धम्मप्रिया तिच्या खोलीत गेली होती. स्टोअररूमचं दार सताड उघडं.

तो पोचला तेव्हा जयदीप बूट काढत होता. चक्क बूट काढून, हात जोडून, डोळे मिटून उभा राहिला. डोळे उघडले तेव्हा ते भरून आलेले. "घट बसवले तुम्ही," तो हलक्या आवाजात म्हणाला. "काय बोलू? गुणवंतराव, मी कुणाला सांगणार नाही, काळजी करू नका. पण बरं केलंत. वहिनींना किती बरं वाटलं असेल." "अरे नाही," गुणवंत म्हणाला, "ते तसं नाही, ते ग्रीक," पण जयदीपला आता काही ऐकू येत नव्हतं. नऊ दिवस वाढलेल्या घटातले गव्हाचे तुरे दसऱ्याला टोपीत खोवायचे, हे त्याच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेलं. त्याने सराईत हाताने ट्रेमधले दोन-चार तुरे मुळासकट उपटले, हॉकी टीमच्या टोपीत नीट खोवले, गुणवंतच्या कानामागेही एक अडकवला, आणि वाटीतले डाळिंबाचे दाणे उजव्या हातावर घेऊन कपाळाला लावून तोंडात टाकले. मग प्रसाद सांडू नये म्हणून उरलेलेही खाल्ले. गुणवंतला हसू येत होतं की रडू, त्याला कळेना. एवढ्यात धम्मप्रिया दारात आली.

"काका," ती म्हणाली, "यू एट इट?"

"हो बेटा, छान गोड होतं डाळिंब. कुठून आणलंस?"

"ते आपल्यासाठी नसतं. इट्स नॉट लाइक प्रसाद. खालच्या लोकांचं खालच्यांनाच द्यायचं असतं, आपण त्यातलं काहीच खायचं नसतं. ते आज आईला द्यायचं होतं." ती ओरडली नाही. ओरडली असती तर बरं झालं असतं. जयदीपचा चेहरा पांढराफटक पडला. तोंडात उरलेला एक दाणा गिळावा की थुंकावा याच पंचाइतीत तो उभा. "सॉरी, सॉरी बेटा," म्हणत त्याने टोपीतले तुरे काढले आणि परत मातीत खोचायला लागला. ते उभे राहीनात. चुकलं कुणाचंच नव्हतं, आणि म्हणूनच गुणवंतचा तोल गेला. ज्याच्यावर रागवावं असा तिथे कुणीही नव्हता. त्याने पुढे होऊन तो ट्रे उचलला. "पुरे झाला हा तमाशा," म्हणत तो जिना चढला, मागच्या दाराने बाहेर गेला आणि ट्रे जसाच्या तसा हिरव्या कचऱ्याच्या डब्यात उपडा केला. वर झाकण आपटलं. असं करायचं असतं. देव बाहेर काढायचे तर असे काढायचे, मागे वळून न बघता. मग त्याने मागे वळून बघितलं. धम्मप्रिया दाराशी उभी होती.

"ती आईच्या बागेतली माती होती," ती म्हणाली.

जयदीपने टायर कधी नेले, जाताना काय म्हणाला, गुणवंतला आठवेना. तो स्वयंपाकघरात उभा होता आणि चहाचं पाणी उकळून उकळून आटत होतं. काय केलं आपण? बापाने देव बुडवले तेव्हा ते छातीवर बसलेले देव होते. विहिरीवर येऊ न देणारे, सावलीला विटाळ म्हणणारे, पिढ्यान्‌पिढ्यांच्या मानेवरचे. ते ढोसून बुडवायचेच होते. आणि आपण काय बुडवलं? एका पोरीचे बोटभर गहू! तिच्या त्या दोन बायांनी कुणाची वाट अडवली होती? कुणाला पाणी नाकारलं होतं? पण नाही, तेही खरं नव्हतं. त्याला देवांचा राग आलाच नव्हता. राग याचा होता की पोरीला बोलायला कुणीतरी सापडलं होतं. ती रोज खाली बसून आईबद्दल बोलत होती, दोन छापील चित्रांशी, आणि वर सोफ्यावर जिवंत बाप बसला होता. त्याच्याशी ती 'भाजीत मीठ कमी आहे' एवढंच बोलायची. आणि तो तरी तिच्याशी काय बोलायचा? शोकसभेत त्याने स्वातीवर उत्तम भाषण केलं होतं. तिचं सामाजिक कार्य, तिचा कणखरपणा, सगळं मुद्देसूद. लोकांनी येऊन हात दाबले. धम्मप्रियाने मात्र विचारलं होतं, 'बाबा, तू आईबद्दल कधी बोलणार?' तेव्हा तो चिडला होता. आत्ता बोललो ते काय होतं मग? आज त्याला तो प्रश्न कळला आणि कळून काही उपयोग नव्हता. काय बोलायचं असतं ते त्याला येतच नव्हतं.

खिडकीतून ती दिसली. बाहेर उजेड पिवळा, उतरता. पॉप्लरच्या झाडांची पानं सगळी झडलेली. स्वेटरवर काही न घालता ती मागच्या अंगणात, स्वातीच्या मेथीच्या वाफ्यापाशी गुडघ्यांवर बसली होती, शेजारी तो पुदिन्याच्या पाण्याचा कप, आणि तळव्याने जमीन बडवत होती. थप, थप, थांबायची, परत थप. वेड लागलं का पोरीला? तो तिचं जॅकेट घेऊन बाहेर धावला. रात्री पाणी गोठायला लागलं होतं, वाफ्यातली ढेकळं वरून कडक झाली होती. त्या वाफ्यात स्वातीची रक्षा होती. 'मला नदीबिदीत सोडू नका,' ती हॉस्पिटलमध्ये म्हणाली होती, 'गारठून जाईन. मेथीत घाला, खत तरी होईल.' आणि तो, सगळं शास्त्रीय मानणारा माणूस, त्यानंतर एकदाही त्या वाफ्यापर्यंत आला नव्हता. मेथी आपोआप उगवली, फुलावर आली, वाळून गेली. त्याने ती खिडकीतूनच बघितली.

"प्रिया, हे घाल. काय करतेस?"

"बोलावतेय." ती वर न बघता म्हणाली. "वरच्यांना हात वर करून बोलावतात. खालच्यांना असं. यू हॅव टू नॉक." मग कप उचलून तिने ते पाणी हळूहळू मातीवर ओतलं, अगदी शेवटच्या थेंबापर्यंत. "एवढंच उरलंय. बाकीचं काकांनी खाल्लं आणि तू फेकलंस."

"मला माफ कर," असं म्हणायला तो आला होता. तोंडातून आलं, "थंडी किती आहे, बघ तरी."

तिने जॅकेट घेतलं. बाही घालताना तिचा हात आत अडकला, त्याने सोडवला. लहानपणी शाळेत जाताना सोडवायचा तसा. ती एकदम थकल्यासारखी दिसली. "ओके, बाबा," ती म्हणाली. "मी वाचते उद्या. आईची साडी पण नेसते. तुला हवंय ना? मी खोटं बोलेन, इट्स फाइन. आय कान्ट फाइट यू एनीमोर."

मिळालं. महिनाभर ज्याच्यासाठी जीव टाकला ते असं जॅकेटच्या बाहीसरशी मिळालं. गुणवंतने डोळ्यांपुढे आणलं: हॉल, निळी साडी, आपलं वाक्य, मग ती उसंत, मग तो आवाज. श्राद्ध करणार नाही, तो आवाज म्हणेल. स्वातीचा आवाज. आणि स्वाती जन्मात कधी खोटं बोलली नव्हती. शिरा खाल्ला तरी सगळ्यांदेखत खायची. त्या आवाजात, त्या उसंतीत, त्याला हे ऐकू येणार, आणि वर ते आपणच करवून घेतलेलं!

"नको," तो म्हणाला.

"व्हॉट?"

"नको वाचूस. उल्हास वाचेल. तो चांगला वाचतो." चांगला वाचत नव्हता. पुन्हा तो खर्ज, पुन्हा ती उसंत, आता दरवर्षी. तो आवाज आपण आता कधीच ऐकणार नाही, कधीच म्हणजे कधीच नाही, हे त्याला त्या क्षणी पहिल्यांदा कळलं. दीड वर्ष झालं होतं आणि त्याला आत्ता कळत होतं. आणि मग तो प्रचंड संतापला. पोरीवर नाही, जयदीपवर नाही, त्या ग्रीक बायांवर तर मुळीच नाही. स्वातीवर. ही बाई स्वतः निघून गेली आणि हे सगळं आपल्या गळ्यात टाकून गेली. ही पोर, हे घर, ही भाषा जी पोरीला अर्धी कळते. तिला सगळं बोलता यायचं आणि तीच गेली! तो गुडघ्यांवर बसला. ढेकळं टोचली. त्याने हात उचलला आणि जमिनीवर मारला.

"ऐकतेस का?" तो ओरडला. शेजारच्या घरातलं कुत्रं भुंकायला लागलं. "काय सांगू मी हिला? तूच सांग ना आता! मला नाही येत, स्वाती. मला काही येत नाही!" परत हात मारला, परत मारला, तळवा लाल होईस्तोवर. धम्मप्रिया त्याच्या पाठीवर हात ठेवून रडत होती, मोठ्याने, दीड वर्षांत पहिल्यांदा, आणि त्यालाही रडू फुटलं. ते थोपवायचंही त्याला सुचलं नाही.

मग तो थांबला. हात मातीवर तसाच. कुत्रं गप्प झालं होतं. मान किंचित कलती करून तो स्तब्ध बसला होता, आणि बऱ्याच वेळाने त्याच्या ध्यानात आलं की आपण कान देऊन बसलोय. आपण, गुणवंत, वाट बघतोय.

"बाबा," धम्मप्रियाने नाक पुसत, सबंध मराठीत विचारलं, "मग उद्या ती श्राद्धाची प्रतिज्ञा तू कशी म्हणशील?"

"गप," तो म्हणाला. "जरा ऐकू दे."